थकीत कर्ज आणि लोक अदालत

कर्ज थकून बँकेची नोटीस आली की आपल्यातील अनेकजण ती न वाचताच बाजूला ठेवतात. आम्ही सांगतो, ती घेऊन लोक अदालतीत जावे. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ नुसार दावा दाखल होण्यापूर्वीही तेथे तडजोड करता येते. सक्ती नसते, तडजोड न झाल्यास न्यायालयाचा मार्ग खुला राहतो. मात्र तडजोडीचा निवाडा दिवाणी न्यायालयाच्या हुकूमनाम्यासारखाच असतो. त्यावर अपील नाही, आणि ठरलेली रक्कम न भरल्यास वसुलीची दरखास्त होऊ शकते. म्हणून रक्कम, व्याजातील सूट व हप्त्यांच्या तारखा समजल्याशिवाय सही करू नये. अनुसूचित जाती-जमाती व स्त्रिया यांना कलम १२ नुसार वकिलाची मोफत मदत मिळते. ती मागण्यात कमीपणा नाही. तो आपला हक्क आहे.