‘गोल्ड’ आणि ‘मोअर गोल्ड’ : एका दुसऱ्या यादीची गोष्ट



गेल्या दिवाळीच्या कार्यक्रमाची यादी करायचे काम माझ्याकडे होते. हॉल ३ तास, त्यात जेवण, आणि नावे आलेली २७. मी सवयीप्रमाणे कॉम्प्युटरवर तक्ता केला, मिनिटांची बेरीज केली आणि जे बसेना ते ‘जेवणानंतर’ या रकान्यात ढकलले. त्यात माझ्याच मुलीच्या गटाचे गाणे गेले. घरी येताना गाडीत ती म्हणाली, “बाबा, दुसऱ्या भागात म्हणजे आम्ही कमी चांगले का?” “नाही गं, वेळेचा प्रश्न होता,” असे मी म्हणालो. तिला ते पटले नाही. खरे सांगायचे तर मलाही पुरते पटले नाही. म्हणून या वेळच्या पाठाला मी अशाच एका दुसऱ्या यादीची गोष्ट घेतली आहे.

आधी चार शब्द पाहू. गाजणे म्हणजे खूप लोकांना माहीत होणे. ‘हे गाणे गाजले’ असे आपण म्हणतो. निवडक म्हणजे पुष्कळांतून वेचून काढलेले. तुमच्या आजीच्या कपाटात ‘निवडक’ या शब्दाने सुरू होणारे एखादे तरी पुस्तक नक्की सापडेल. संकलन म्हणजे ठिकठिकाणचे एकत्र करणे. आणि पुरवणी म्हणजे मूळ वहीला मागून जोडलेली पाने. परीक्षेत ज्यांनी पुरवणी मागितली आहे, त्या पालकांना हा शब्द समजावायला नको!

आता गोष्ट. स्वीडनमध्ये ॲबा नावाचा चौघांचा गायकसमूह होता. (आपल्या आबांशी याचा काही संबंध नाही.) ॲग्नेथा, ब्योर्न, बेनी आणि आनी-फ्रिड यांच्या नावांची आद्याक्षरे जोडून हे नाव झाले. गंमत म्हणजे याच नावाची, डब्यातले मासे विकणारी एक कंपनी स्वीडनमध्ये आधीपासून होती. १९७४ साली ब्रायटनला झालेल्या युरोव्हिजन स्पर्धेत ‘वॉटर्लू’ हे गाणे म्हणून ते जिंकले आणि जगाला माहीत झाले. स्वतःची भाषा स्वीडिश, पण गाणी इंग्रजीत. १९८२ अखेर त्यांनी काम थांबवले. पुढची काही वर्षे ॲबा ऐकणे जुनाट समजले जाई. वेगवेगळ्या देशांत त्यांच्या गाण्यांचे हक्कही वेगवेगळ्या कंपन्यांकडे होते. ते पॉलिग्रॅम या एका कंपनीकडे एकवटल्यावर १९९२ साली ‘ॲबा गोल्ड’ हे गाजलेल्या गाण्यांचे संकलन निघाले. काळ्या मुखपृष्ठावर सोनेरी अक्षरे, गाणी १९. ते किती खपले म्हणाल? जुलै २०२१ मध्ये ब्रिटनच्या पहिल्या १०० अल्बमांच्या यादीत १,००० आठवडे काढणारा तो पहिला अल्बम ठरला.

१९च का? सीडीवर साधारण ७५ ते ८० मिनिटे मावतात. गाणे सरासरी ४ मिनिटांचे धरा. १९ चोक ७६. झाला हॉल भरला!

मग १९९३ साली पुरवणी आली, ‘मोअर ॲबा गोल्ड’. यात २० गाणी. पुण्यात हॉस्टेलवर असताना माझ्या रूममेटकडे हिचीच कॅसेट होती. पहिली त्याच्याकडून कोणीतरी नेली ती परत आली नाही. त्यामुळे मी ॲबा उलट्या क्रमाने ऐकले, आधी दुसरी यादी आणि मग पहिली. तेव्हा वाटले होते की पहिलीत पहिल्या नंबराची गाणी आणि दुसरीत राहिलेली.

या उन्हाळ्यात मुलीला घेऊन हे तपासायला बसलो. ब्रिटनमध्ये प्रत्येक गाणे कितव्या क्रमांकापर्यंत चढले हे एका रकान्यात लिहिले आणि क्रमाने लावले. पहिल्या क्रमांकाची ९ गाणी होती, ती सगळी ‘गोल्ड’वर. इथवर ठीक. पण ‘समर नाइट सिटी’ १९७८ साली ५ व्या क्रमांकावर होते, ते दुसऱ्या यादीत. ६ व्या क्रमांकाचे ‘एसओएस’ मात्र पहिल्या यादीत. ‘एंजलआइज’ आणि ‘वुले-वू’ ही तर १९७९ साली एकाच तबकडीच्या दोन बाजूंना होती आणि दोघे मिळून ३ ऱ्या क्रमांकाला गेली. जुळी भावंडेच म्हणा! एक पहिल्या यादीत गेले, दुसरे दुसऱ्या. आणि ‘थँक यू फॉर द म्युझिक’ ३३ च्या वर कधी गेले नाही, तरी ते ‘गोल्ड’वर आहे. “बाबा, यांच्या प्रोग्रॅममध्ये बग आहे,” असा निकाल तिने दिला.

बग नाही. निवड आकड्यांनी सुरू होते, पण माणसे ती पुरी करतात. कोणते गाणे लोकांच्या ओठांवर आहे, कोणते शेवटाजवळ शोभेल, असा विचार कोणीतरी केला असणारच. शिवाय गाजले ते कुठे, हाही प्रश्न आहे. ‘आय डू’ हे शब्द पाच वेळा असलेले गाणे १९७५ साली ऑस्ट्रेलियात पहिल्या क्रमांकावर पोचले आणि ब्रिटनमध्ये ३८ वर थांबले. इथल्या ‘गोल्ड’वर ते नाही. तेच गाणे, तेच गायक!

मग आम्ही दुसरा रकाना केला : गाणे प्रथम बाहेर आल्याचे वर्ष. इथे मला स्वतःलाच नवल वाटले. ‘गोल्ड’ची गाणी १९७४ ते १९८१ या काळातली आहेत. म्हणजे ‘गोल्ड’वरचा ॲबा जिंकता जिंकता सुरू होतो. त्याआधीचे ‘रिंग रिंग’ हे गाणे १९७३ साली स्वीडनमधल्या निवड स्पर्धेत तिसरे आले होते, म्हणून युरोव्हिजनला जाऊ शकले नाही. ते आहे दुसऱ्या यादीत. शेवटही तिथेच आहे. ॲग्नेथा आणि ब्योर्न हे नवरा-बायको होते, तसेच आनी-फ्रिड आणि बेनी. १९८१ पर्यंत दोन्ही संसार मोडले होते, तरी चौघे एकत्र गात होते. ‘व्हेन ऑल इज सेड अँड डन’ हे आनी-फ्रिडने म्हटलेले गाणे त्याच ताटातुटीचे आहे. ‘द डे बिफोर यू केम’ आणि ‘अंडर अटॅक’ ही दोन्ही १९८२ ची. इथे ३२ आणि २६ या क्रमांकांवर अडकली. सतत वर राहिलेल्या मंडळींना ते आकडे कसे वाटले असतील? ‘द व्हिजिटर्स’ तर सोव्हिएत रशियातल्या, सरकारविरुद्ध बोलणाऱ्या लोकांविषयी आहे. दारावर थाप पडेल या भीतीने घरात बसलेले माणूस त्यात आहे. लग्नाच्या हॉलमध्ये नाचायला लावायचे हे गाणे नव्हे. १९८२ सालचे ‘आय ॲम द सिटी’ तोवर बाहेर आलेच नव्हते, ते प्रथम या पुरवणीत आले. पहिली यादी चकचकीत आहे, पण हा समूह कुठून निघाला आणि कुठे पोचला हे मला दुसऱ्या यादीने सांगितले. (२०२१ साली चौघांनी मिळून पुन्हा नवा अल्बम काढला, ती वेगळी कथा.)

पालकांसाठी थोडे. दुसऱ्या यादीत ‘आय वंडर’ नावाचे गाणे आहे. गाव सोडून निघालेली एक मुलगी, जावे की राहावे या विचारात. हॉस्टेलवर मी ते दर वेळी पुढे पळवत असे, फार संथ वाटायचे. आता पळवत नाही.

आणि एक गाणे दोन्ही याद्यांत नाही. १९८१ सालचे ‘स्लिपिंग थ्रू माय फिंगर्स’. सकाळी दप्तर घेऊन शाळेला निघालेली लेक आणि तिच्याकडे बघणारी आई. ब्योर्नने ते स्वतःच्या मुलीवरून लिहिले आणि गायले तिच्या आईने, म्हणजे ॲग्नेथाने. पुढे ते ‘मामा मिया’ नाटकात आले आणि २००८ च्या चित्रपटामुळे घरोघरी पोचले. एकूण ३९ जागा होत्या, त्यांत याला एकही मिळाली नव्हती. मुलीला हे सांगितले तेव्हा ती म्हणाली, “मग तिसरी यादी हवी.”

स्वाध्याय

१. गाजणे, निवडक, संकलन, पुरवणी या शब्दांचा स्वतःच्या वाक्यांत उपयोग करा.

२. ‘आणखी लाडू’ आणि ‘उरलेले लाडू’ यांत फरक काय? ‘मोअर’साठी तुम्ही कोणता शब्द घ्याल? कारण लिहा.

३. आजी किंवा आजोबांना फोन करून त्यांच्या आवडीची ५ गाणी विचारा. ती लिहून झाल्यावर “आणखी ५ सांगा” म्हणा. दुसऱ्या ५ गाण्यांबद्दल ते जे सांगतील तेही लिहा. फोन घाईत ठेवू नका.

या दिवाळीची यादी चिठ्ठ्या टाकून करायची असे ठरले आहे. चिठ्ठ्या मुलेच उचलतील. गाण्याचे नाव आणि नेमकी मिनिटे (मोजून!) पुढच्या शनिवारी माझ्याकडे द्यावीत.