‘मेट्रोपोलिस’ : एका मूकपटाचा धडा



१० जानेवारी १९२७ रोजी बर्लिनमध्ये ‘मेट्रोपोलिस’ हा जर्मन मूकपट प्रथम दाखवला गेला. दिग्दर्शक होते फ्रिट्झ लांग आणि पटकथा त्यांच्या पत्नी थेआ फॉन हार्बू यांची. (याच थेआबाईंनी पुढे लांग यांच्यापासून विभक्त झाल्यावर बेळगाव भागातील मराठी पत्रकार अयि तेंडुलकर यांच्याशी विवाह केला.)

कथा भविष्यातील महानगराची आहे. वर उंच इमारती आणि बागा. जमिनीखाली यंत्रे व कामगारांची वस्ती. नगरप्रमुखाचा मुलगा फ्रेडर खाली उतरतो आणि दमलेल्या कामगाराच्या जागी उभा राहतो. घड्याळासारख्या तबकडीचे काटे सतत ओढायचे. पाळी दहा तासांची! तो कळवळतो. आपल्या सुखाची किंमत कोण मोजतो, हे त्याला तेव्हा कळते.

कामगारांना मारिया ही तरुणी धीर देत असते. शास्त्रज्ञ रोटवांग यंत्रमानवाला तिचा चेहरा देतो. ही खोटी मारिया कामगारांना चिथावते. ते यंत्रे फोडतात आणि पाणी त्यांच्याच वस्तीत शिरते. मुले तर तिथेच असतात! खरी मारिया व फ्रेडर त्यांना वाचवतात. आज कृत्रिम बुद्धिमत्तेने कोणाचाही चेहरा व आवाज हुबेहूब बनवता येतो. एखादी चित्रफीत पाहून संताप आला, तर ती पुढे पाठवण्यापूर्वी हा प्रसंग आठवावा.

शेवटी मालक व कामगार हस्तांदोलन करतात. डोके आणि हात यांना हृदयाने जोडावे, असा चित्रपटाचा संदेश आहे. पण पाळीचे तास कमी झाले का? वस्ती जमिनीवर आली का? चित्रपट सांगत नाही. स्वतः लांग यांनाही पुढे हा शेवट पटेनासा झाला. सद्भावना हवीच, पण तिच्या जोडीला न्याय्य नियमही हवेत.

प्रदर्शनानंतर लवकरच चित्रपटाला मोठी कात्री लागली. हरवलेला बराचसा भाग २००८ मध्ये ब्यूनोस आयर्सच्या संग्रहालयात सापडला आणि २०१० मध्ये जवळजवळ पूर्ण चित्रपट पुन्हा पाहायला मिळाला.

स्वाध्याय : आपल्या घरी वीज, पाणी, भाजी पोहोचवणाऱ्या, आपल्याला न दिसणाऱ्या पाच व्यक्तींच्या कामाची माहिती मिळवा. त्यांचे कामाचे तास किती, तेही विचारा. पालकांनी यात मुलांना अवश्य साथ द्यावी.