वाशीमहून लेणी आणि समुद्र

प्रश्न : आई-वडिलांना घेऊन चार-पाच दिवसांत प्राचीन अवशेष आणि बेट, किनारा असं दोन्ही पाहायचं आहे. वाशीमहून कसं जावं?

उत्तर : सुरुवात अजिंठ्यापासून करा. तुमचं वाशीम म्हणजे प्राचीन वाकाटक राजघराण्याच्या एका शाखेची राजधानी वत्सगुल्म. त्याच शाखेतल्या हरिषेण राजाचा मंत्री वराहदेव याने अजिंठ्याचं १६ क्रमांकाचं लेणं कोरवून घेतलं. तसा शिलालेख तिथेच आहे. वाशीमकरांनी तो पाहायलाच हवा. जाणकार गाइड घ्या आणि त्याला वत्सगुल्माबद्दल मुद्दाम विचारा.

पुढे छत्रपती संभाजीनगरहून रात्रीच्या गाडीने मुंबई. गेटवेहून घारापुरी बेट लाँचने तासाभरावर. लेण्यांपर्यंत शंभरावर पायऱ्या आहेत, आई-वडिलांसाठी डोली मिळते. तिथल्या सदाशिवाच्या भव्य मूर्तीसमोर निवांत बसा, फोटो काढून लगेच निघू नका. मात्र या बेटावर समुद्रात खेळण्याजोगा किनारा नाही. त्यासाठी दुसऱ्या दिवशी मांडव्यामार्गे अलिबाग गाठा. ओहोटीला कुलाबा किल्ल्यात चालत जाता येतं. भरती कधी लागणार, हे स्थानिकांना विचारूनच पाण्यात पाय टाका.

अजिंठा आणि घारापुरी दोन्ही सोमवारी बंद असतात. पावसाळ्यात लाँचचा भरवसा नाही, म्हणून नोव्हेंबर ते फेब्रुवारीत निघा.