मावशी, सोंगाड्या आणि दूरचित्रवाणी

मूळ वस्तू ठाऊक असल्याशिवाय विडंबन रंगत नाही. आपल्या सातारा-सांगलीकडील प्रेक्षकाला हे तमाशाने केव्हाच शिकवले आहे. गणानंतर गवळण येते. मथुरेच्या बाजाराला निघालेल्या गौळणींना पेंद्या अडवतो आणि लुगडे नेसलेला पुरुष, म्हणजे मावशी, त्याच्याशी हुज्जत घालते. कृष्णकथा सर्वांना पाठ असते, म्हणून मावशी तोंड उघडताच हशा पिकतो. कवलापूरचे काळू-बाळू, म्हणजे लहू व अंकुश खाडे हे जुळे बंधू, 'जहरी प्याला' या वगात हवालदार होत. हवालदाराचा दरारा ज्याने अनुभवला आहे, त्यालाच त्यांचे वेंधळेपण अधिक हसवणार.

दूरचित्रवाणीचेही असेच संकेत असतात. निवेदकाचा गंभीर चेहरा, शेवटची नामावली, मालिकेत एका धक्क्यासरशी तीनदा दाखवलेला सासूचा चेहरा! इंग्लंडमध्ये १९६९ ते १९७४ या काळात बीबीसीवर झालेल्या 'मॉन्टी पायथन्स फ्लाइंग सर्कस'ने या संकेतांनाच हात घातला. निवेदक टेबल मांडून थेट समुद्रकिनारी बसे, शेवटची नामावली मध्येच सरकू लागे, आणि रंगात आलेला प्रवेश 'फारच खुळचट' म्हणून एक लष्करी अधिकारी बंद पाडी. प्रवेशाला शेवट हवाच, हा नियमही त्यांनी मोडला. पुरुषांनी रंगवलेल्या त्यांतल्या किरट्या आवाजाच्या बायका पाहून तर आपल्याला मावशीच आठवावी.

आपल्याकडे मुंबई दूरदर्शन केंद्र १९७२ साली सुरू झाले. मराठी वाहिनीवर विडंबन खऱ्या अर्थाने घरोघरी पोहोचवले ते 'चला हवा येऊ द्या'ने (२०१४ ते २०२४). भाऊ कदम लुगडे नेसून आले की तमाशाचे नाते लपत नसे. परंतु तेथे ज्या चित्रपटाची टर उडे, त्याचेच नट बहुधा प्रसिद्धीसाठी समोर बसून हसत असत. टर म्हणजे जाहिरातच झाली की! कथेची थट्टा झाली, चौकट शाबूत राहिली. बीबीसीही सरकारी सनदेवरच चालणारी संस्था, तरी पायथन मंडळींनी तिच्याच निवेदकांची नक्कल तिच्याच पडद्यावर केली. म्हणजे मालक दुसरा असला तरी हे अशक्य नव्हते. तमाशातला सोंगाड्या तर पुढच्या रांगेत बसलेल्या पाटलालाही चिमटा काढतो आणि पाटलालाच आधी हसावे लागते.