आईची पत्रे

बोलपट म्हटला की त्यात नायक, गाणी, संकटे आणि शेवटी दुष्टांचे पारिपत्य असावयाचेच, अशी आपली समजूत असते. परंतु ज्यात नटनटी नाहीत, कथानक नाही आणि तरीही जो पाहता पाहता मनाला हुरहूर लागते, असाही एक चित्रपट आहे. त्याचे नाव ‘न्यूज फ्रॉम होम’, म्हणजे घरची खुशाली.

तो निर्माण करणाऱ्या शांताल आकरमन यांचा जन्म १९५० साली बेल्जमच्या राजधानीत, ब्रुसेल्स येथे झाला. त्यांची आई नातालिया ही पोलंडमधील ज्यू. दुसऱ्या महायुद्धात नाझींनी तिला आउश्वित्झच्या छळछावणीत डांबले होते. ती जिवंत परतली. तिचे आईवडील परतले नाहीत. अशा मातेची थोरली लेक १९७१ साली, ऐन एकविशीत, महासागर ओलांडून न्यूयॉर्कला गेली, तेव्हा त्या माउलीच्या जिवाला किती घोर लागला असेल!

आई पत्रे धाडू लागली. त्यांत विशेष असे काही नसे. कोणाची प्रकृती कशी आहे, वडिलांचा व्यापार कसा चालला आहे, नातलगांकडे काय घडले, एवढेच. मुलीने वरचेवर पत्र का लिहू नये, ही तक्रार मात्र पुनःपुन्हा येई.

१९७६ साली आकरमनबाईंनी न्यूयॉर्कमध्ये या चित्रपटाचे चित्रण केले. छायाचित्रण बाबेत मांगोल्त यांचे होते. बहुधा कॅमेरा एका जागी स्थिर उभा असे. निर्जन गल्ल्या, भुयारी आगगाडीचे फलाट, अनोळखी माणसे. एकेक दृश्य इतका वेळ चालते, की प्रेक्षक प्रथम कंटाळतो आणि मग हळूहळू निरखून पाहू लागतो. त्या दृश्यांवर आकरमनबाई स्वतः आईची पत्रे वाचतात. आवाजात चढउतार नाही, उमाळा नाही. आई दिसत नाही, लेकही दिसत नाही. लेकीने धाडलेली उत्तरे तर आपल्या कानी पडतच नाहीत. मध्येच आगगाडी धडधडत येते आणि आईचे शब्द त्या गोंगाटात बुडून जातात. हा ध्वनिमुद्रणातील दोष नव्हे. मायलेकींतील हजारो मैलांचे अंतर आपल्याला कानांनी ऐकू येते ते येथेच.

शेवटी नाव किनारा सोडते. सुमारे दहा मिनिटे आपण नुसते पाहत राहतो. उंच इमारतींचे ते शहर लहान लहान होत धुक्यात मिसळून जाते.

आकरमनबाईंचा शेवटचा चित्रपट, ‘नो होम मूव्ही’, २०१५ साली प्रदर्शित झाला. त्याच वर्षी त्यांचेही निधन झाले. आई २०१४ सालीच वारली होती. या चित्रपटात ती दिसते. ब्रुसेल्सच्या घरातील स्वयंपाकघरात ती वृद्ध स्त्री लेकीशी बोलत बसलेली असते. लेक परदेशी असली, की दोघी संगणकाच्या पडद्यावर एकमेकींना पाहतात. आता पत्राची वाट पाहावी लागत नाही. परंतु निरोप घेणे काही दोघींना जमत नाही. संभाषण संपले म्हणता म्हणता पुन्हा सुरू होते.