तळ्यांचा मुलूख

झेक प्रजासत्ताक हा युरोप खंडाच्या मध्यभागी वसलेला देश आहे. त्याला समुद्रकिनारा नाही. या देशाच्या दक्षिण भागात, ऑस्ट्रियाच्या सरहद्दीपासून जवळच, त्रेबोन नावाचे एक जुने नगर आहे. त्याच्या भोवतालचा मुलूख बशीसारखा सखल असून त्यातून लुझ्नित्से नदी संथपणे वाहते. शेत, अरण्य आणि तळे. पुन्हा शेत, अरण्य आणि तळे, असा या प्रदेशाचा थाट आहे. येथे लहानमोठी चारशेहून अधिक तळी आहेत. ती पाहून नवख्या प्रवाशास ही निसर्गाची देणगी वाटते. परंतु यांतील बहुतेक तळी माणसांनी कुदळ-फावड्याने घडविलेली आहेत.

पूर्वी या भागात दलदल माजलेली असे. भूमी सपाट असल्यामुळे पाण्याचा निचरा होत नसे. माती कोठे वाळूची, कोठे चिकण, तर कोठे कुजलेल्या वनस्पतींच्या काळ्या थराची होती. अशा जमिनीत धान्य पिकवावे तरी कसे? तेव्हा लोकांनी तिच्यापासून धान्याऐवजी मासे घेण्याचे ठरविले. त्या काळी ख्रिस्ती लोक उपवासाच्या दिवशी मांस वर्ज्य करीत. मासा मात्र चालत असे. त्यामुळे माशांना मोठी मागणी होती. या मुलुखाचे धनी असलेल्या रोझम्बर्क घराण्याने हे हेरले आणि तळी बांधण्यास उत्तेजन दिले.

सोळाव्या शतकाच्या आरंभी या घराण्याच्या सेवेत श्तेपानेक नेतोलित्स्की नावाचा कुशल तळीबांधकाम करणारा होता. नुसता बांध घालून तळे होत नाही. त्याला ताजे पाणी मिळाले पाहिजे आणि साचलेले पाणी निघूनही गेले पाहिजे, हे त्याने जाणले. म्हणून त्याने लुझ्नित्से नदीपासून एक पाट काढला. सुमारे ४५ किलोमीटर लांबीचा हा पाट एका तळ्यातून दुसऱ्या तळ्यास पाणी पुरवीत जातो आणि शेवटी वेसेली या गावाजवळ पुन्हा नदीस मिळतो. सपाट भूमीत इतक्या दूरवर पाणी आपोआप वाहत नेण्यासाठी उतार किती नेमका साधावा लागला असेल! लोक त्याला ‘सुवर्ण पाट’ म्हणतात. तो आजही वाहतो आहे.

नेतोलित्स्कीनंतर याकुब क्रचीन याने हे कार्य पुढे नेले. १५८४ ते १५९० या काळात त्याने रोझम्बर्क हे सर्वांत मोठे तळे बांधले. त्याचा बांध सुमारे अडीच किलोमीटर लांब आहे. ऐन पुरात नदीचे सारे पाणी या तळ्यात शिरले, तर बांधाला धोका पोहोचेल, हे ओळखून त्याने ‘नवी नदी’ नावाचा कालवा खणविला आणि पुराचे पाणी नेझार्का नदीकडे वळविले. बांधांवर ओक वृक्ष लावण्यात आले. त्यांच्या मुळांनी माती धरून ठेवली.

मात्र या वैभवाची दुसरी बाजूही ध्यानात ठेवली पाहिजे. हे बांध सरदारांच्या हुकमाने उभे राहिले, पण माती वाहिली ती गोरगरिबांनी. कित्येक कुळांना वेठीस धरण्यात आले. १५७१ च्या सुमारास त्रेबोन नगराला लागून तळे बांधावयाचे ठरले, तेव्हा एका उपनगरातील घरे पाडण्यात आली. त्या तळ्याचे मूळ नाव ‘नेव्द्येक’, म्हणजे ‘कृतघ्नता’, असे होते. पुढे त्यास ‘स्वेत’, म्हणजे ‘जग’, हे नाव पडले. क्रचीनविषयी तर अशा दंतकथा आहेत की, त्याने सैतानाशी संगनमत केले होते आणि मेल्यावरही त्याच्या आत्म्यास शांती लाभली नाही. ज्यांच्या पाठी वाकल्या, त्यांनीच बहुधा या कथा रचल्या असाव्यात.

येथील मुख्य मासा कार्प होय. पिलू मोठे होईस्तोवर त्याला निरनिराळ्या तळ्यांत ठेवतात. पूर्ण वाढीस तीन-चार वर्षे लागतात. शरद ऋतूत मोरी उघडून तळ्यातील पाणी हळूहळू सोडतात. पाणी ओसरले की मासे बांधाजवळच्या खोलगट भागात गोळा होतात. मग कोळी जाळी घेऊन पाण्यात उतरतात आणि काठावर पाहणाऱ्यांची जत्रा भरते. नाताळच्या आदल्या रात्री झेक घरांत कार्पचे पक्वान्न करण्याची प्रथा आहे.

या तळ्यांची खरी कसोटी २००२ सालच्या ऑगस्ट महिन्यात लागली. अतिवृष्टीने नद्यांना महापूर आला. राजधानी प्रागलाही त्याची झळ लागली. रोझम्बर्क तळ्यात एरवी सुमारे ६० लाख घनमीटर पाणी असते. त्या वेळी तेथे सुमारे ७ कोटी घनमीटर पाणी थोपविले गेले. बांध फुटतो की काय, अशी भीती निर्माण झाली. तो फुटता तर खालच्या गावांवर अनर्थ ओढवला असता. परंतु चारशे वर्षांपूर्वीचा तो मातीचा बांध टिकला.

१९७७ साली युनेस्कोने या प्रदेशास राखीव जीवावरणाचा दर्जा दिला. माणसाने निर्मिलेली ही तळी आता असंख्य पाणपक्ष्यांचे माहेरघर झाली आहेत. पाण्याशी झगडण्याऐवजी त्याला योग्य वाट करून द्यावी, हे त्या बांधकाम करणाऱ्यांचे शहाणपण आपण घ्यावे. आणि ज्यांची नावे कोठेही कोरलेली नाहीत, त्या मजुरांचे स्मरणही ठेवावे.

अभ्यास

१. त्रेबोनच्या परिसरात शेतीऐवजी मत्स्यपालन का वाढले?
२. ‘नवी नदी’ कोणत्या हेतूने खणली गेली?
३. ‘नेव्द्येक’ हे नाव लोकांना का समर्पक वाटले असेल? स्वतःच्या शब्दांत लिहा.
४. वाक्यात उपयोग करा : वेठीस धरणे, झळ लागणे, अनर्थ ओढवणे.
५. तुमच्या गावाजवळील तळे अथवा बंधारा कोणी व केव्हा बांधला, याची माहिती वडीलधाऱ्यांकडून मिळवा.