'शिव्हर्स' : परजीवीवरचा प्रयोग हाताबाहेर जातो तेव्हा

परजीवी म्हटलं की आपल्याला पोटातले जंत, गोचीड, मलेरियाचा प्लाझ्मोडियम एवढंच आठवतं. यजमानाच्या जिवावर जगायचं आणि बदल्यात काही द्यायचं नाही, ही झाली व्याख्या. कॅनडाचा दिग्दर्शक डेव्हिड क्रोनेनबर्ग याच्या 'शिव्हर्स' (१९७५) या भयपटात ही व्याख्याच उलटी करायला निघालेला एक शास्त्रज्ञ आहे. सिनेमा प्रौढांसाठी आहे, तो वर्गात दाखवायचा नाही. म्हणून गोष्ट मीच सांगतो.

डॉ. एमिल हॉब्सची कल्पना अशी : मूत्रपिंड निकामी झालं तर दुसऱ्याचं कशाला बसवायचं? ते काम करणारा परजीवीच तयार करून शरीरात सोडायचा. तो स्वतःसाठी थोडं रक्त घेईल, पण आपलं रक्त गाळूनही देईल. मग त्याला परजीवी म्हणायचं की सहजीवी? प्रश्न खरंच चांगला आहे. पण हॉब्सने हे सांगून पैसे मिळवले आणि केलं भलतंच. माणूस फार विचार करतो, त्याने शरीराचं ऐकावं, असं त्याचं मत. म्हणून माणसाची वासना बेलगाम करणारा परजीवी त्याने बनवला आणि एका तरुणीच्या शरीरात सोडला. चूक कळल्यावर त्याने तिला मारलं आणि स्वतःचाही जीव घेतला. तोवर तो जीव मॉन्ट्रियलजवळच्या बेटावरच्या त्या इमारतीत एकातून दुसऱ्यात पसरू लागला होता.

रोग बरा करायला परजीवी वापरायचा हे वेड्याचं काम वाटतं ना? पण १९१७ साली व्हिएन्नात ज्युलियस वॅग्नर-यॉरेग या डॉक्टरने हेच केलं होतं. सिफिलिस मेंदूपर्यंत गेलेल्या रुग्णांना त्याने मुद्दाम मलेरिया दिला. तापाने अनेकांची प्रकृती सुधारली, काही दगावलेही. त्याला १९२७ चं नोबेल मिळालं. पुढे पेनिसिलिन आलं आणि हा उपचार मागे पडला.

म्हणजे हॉब्स आणि वॅग्नर-यॉरेग दोघांनीही माणसाच्या शरीरात जिवंत परजीवी सोडला. फरक क्विनीनचा. ताप हवा तेवढा येऊ द्यायचा आणि मग क्विनीन देऊन मलेरिया थांबवायचा, अशी सोय व्हिएन्नात होती. हॉब्सकडे असं थांबवणारं औषध नव्हतं, आणि त्याचा खरा हेतू तपासणारंही कुणी नव्हतं. माझ्या मते सिनेमातली खरी भीती इथे आहे, नळातून नि बाथटबमधून वर येणाऱ्या त्या किड्यांत नाही. (ते किडे आज बघताना जरा रबरीच वाटतात.)

विज्ञान म्हणून मात्र सिनेमा कच्चा आहे. खरा परजीवी यजमानाला असा एका रात्रीत पेटवत नाही. टोक्सोप्लाझ्मा बघा. त्याची लागण झालेल्या उंदराची मांजराबद्दलची भीती कमी होते. उंदीर मांजराच्या पोटात गेला की परजीवीचं काम झालं, कारण त्याचं लैंगिक प्रजनन मांजराच्याच आतड्यात होतं.

वहीत लिहून आणा : हॉब्सचा मूत्रपिंडवाला परजीवी खरोखर बनला असता, तर पहिल्या रुग्णाला देण्याआधी तुम्ही त्याला कोणते तीन प्रश्न विचारले असते?